चौकटीतला चिंटू, पडद्यावरचा चिंटू

मराठी चित्रपटाने कादंबरीकडून, नाटकाकडून आणि आत्मकथनाकडून कथा घेण्याची परंपरा जुनी असून 'श्यामची आई' (१९५३) हे तिचे सर्वांना ठाऊक असलेले शिखर आहे. परंतु चित्रमालिकेकडून, म्हणजे वर्तमानपत्रात रोज तीन-चार चौकटींत रेखाटल्या जाणाऱ्या आणि त्याच चौकटींत संपणाऱ्या चित्रविनोदाकडून, हाडामांसाच्या नटांचा चित्रपट घडवण्याचा प्रयत्न मराठीत क्वचितच झाला आहे. त्या प्रयत्नाचे ठळक उदाहरण म्हणजे 'चिंटू'. चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकर या जोडीने २१ नोव्हेंबर १९९१ रोजी 'सकाळ'मध्ये ही मालिका सुरू केली, आणि वीस वर्षांहून अधिक काळ ती वाचकांच्या अंगवळणी पडल्यानंतर श्रीरंग गोडबोले यांनी मे २०१२ मध्ये तिच्यावरचा चित्रपट आणला. पुढच्याच वर्षी त्याचा दुसरा भाग 'चिंटू २ : खजिन्याची चित्तरकथा' या नावाने प्रदर्शित झाला. या दोन चित्रपटांची चर्चा त्या वेळी मुलांचे चित्रपट एवढ्याच मर्यादेत झाली. वास्तविक रेषेचा विनोद माणसाच्या देहात उतरवताना काय टिकते आणि काय निसटते, या प्रश्नाचा अभ्यास मराठीत करायचा, तर याहून चांगली सामग्री मिळणे कठीण आहे.

प्रस्तुत लेखात हा अभ्यास मुरुडच्या बाजूने केला आहे. हे मुरुड कोकणातील जंजिऱ्याशेजारचे नव्हे, तर लातूर तालुक्यातील, लातूर-बार्शी रस्त्यावरचे बाजारपेठेचे गाव होय. चिंटूचा जन्म पुण्यातला, त्याचे निर्माते पुण्याचे आणि त्याचा चित्रपटही पुण्याच्या नाट्यवर्तुळातून उभा राहिलेला; अशा वेळी वर्तमानपत्राच्या पानावरून आणि पुस्तकरूपातील संग्रहांतून चिंटू वाचणाऱ्या मराठवाड्यातील मुलाला रेषेतला चिंटू आपला का वाटतो आणि पडद्यावरचा चिंटू दुसऱ्या कुणाचा तरी का वाटतो, हा प्रश्न रूपांतराच्या तंत्राच्या थेट गाभ्याशी नेतो.

प्रथम चित्रमालिकेची घडण पाहिली पाहिजे. चिंटूच्या नेहमीच्या मांडणीत पहिली चौकट प्रसंग उभा करते: आईने काही काम सांगितलेले असते, बाबांनी काही विचारलेले असते किंवा त्याचा मित्र पप्पू याने काही कल्पना काढलेली असते. मधल्या एक-दोन चौकटींत चिंटू ते बोलणे आपल्या सोयीने समजून घेतो, आणि शेवटच्या चौकटीत त्या समजुतीचा परिणाम मोठ्यांच्या चेहऱ्यावर दिसतो. या घडणीतला सर्वांत कार्यक्षम भाग कोणता, असे विचारले, तर उत्तर चित्रात सापडत नाही. तो दोन चौकटींच्या मधल्या कोऱ्या पट्टीत असतो. तिसऱ्या चौकटीत चिंटू हातात काही घेऊन घराबाहेर पडलेला असतो आणि चौथीत आई कपाळाला हात लावून उभी असते. मधली धावपळ, फुटणे, सांडणे, ओरडणे हे सारे वाचक स्वतः घडवतो. अमेरिकन चित्रकथाकार स्कॉट मॅक्क्लाउड यांनी १९९३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात, जो स्वतःच चित्रकथेच्या रूपात लिहिलेला आहे, वाचकाच्या या मानसिक पूर्ततेला चित्रकथेचा प्राण मानले आहे. चित्रपटात अशी कोरी पट्टी नसते, कारण तिथे घटना सेकंदाला चोवीस चित्रांच्या वेगाने भरून येते. चौकटीत न दाखवता हसवता येते आणि पडद्यावर दाखवून हसवावे लागते, हा रूपांतरातील पहिला पेच आहे.

मॅक्क्लाउड यांचे दुसरे निरीक्षण मुरुडच्या वाचकासाठी अधिक महत्त्वाचे आहे. चेहरा जितका कमी रेषांत काढावा तितकी अधिक माणसे त्यात स्वतःला पाहू शकतात, असे ते सांगतात. दोन ठिपके आणि एक वक्र रेषा म्हणजे कुणाचाही चेहरा. छायाचित्र म्हणजे एकाच माणसाचा. पंडितांच्या रेषेचा काटकसरीपणा असा आहे की चिंटूच्या घरात भिंत असते, पण ती कुठल्या गावची हे कळत नाही; रस्ता असतो, पण त्याच्या कडेला कुठली झाडे आहेत हे दाखवलेले नसते. मिनी, राजू, बगळ्या, नेहा आणि धाकटा सोनू ही मुले, जोशीकाकू, कर्नलकाका आणि सतीशदादा ही मोठी माणसे पुण्यातील मध्यमवर्गीय वसाहतीतून उचललेली आहेत हे उघड असले, तरी चित्रातील पार्श्वभूमी इतकी मोकळी असते की वाचक तिथे आपली गल्ली बसवू शकतो. जोशीकाकूंच्या जागी एखादी मोठी वहिनी येते, कर्नलकाकांच्या जागी निवृत्त मास्तर येतात, आणि मैदानाच्या जागी शाळेमागचे वावर येते. बोलण्यातील भाषा प्रमाण मराठी असते, परंतु संवादाच्या फुग्यात, म्हणजे पात्राच्या तोंडाशी टोक असलेल्या वर्तुळात, ती इतकी थोडकी असते की वाचणारा आपल्याच सुरात ती वाचतो. रेषेला पत्ता नसतो, आणि हीच तिची सर्वांत मोठी मिळकत होय.

कॅमेऱ्यासमोर उभा राहिलेला मुलगा मात्र लगेच एका गावचा, एका घरचा आणि एका सुराचा होतो. त्याच्या शर्टावरून बापाचा पगार कळतो, दारावरच्या पाटीवरून जात कळते, आणि पहिल्याच वाक्यातून जिल्हा कळतो. हा दोष कुणा दिग्दर्शकाचा नाही. तो माध्यमाचा स्वभाव आहे. रूपांतर करणाऱ्याच्या हाती एवढेच राहते की मिळणारा पत्ता जाणीवपूर्वक निवडायचा, की तो आपोआप येऊ द्यायचा.

विनोदी पात्राला देह देण्याचा प्रश्न मराठीत चिंटूपूर्वीही उभा राहिला होता, जरी ती पात्रे रेषेतून न येता लेखणीतून आली होती. चिं. वि. जोशी यांचे चिमणराव आणि गुंड्याभाऊ हे स्वभावतःच व्यंगचित्रासारखे घडवलेले होते. एक किरकोळ आणि भित्रा, दुसरा दणकट आणि आडदांड. मास्टर विनायक यांच्या 'लग्न पहावे करून' (१९४०) आणि 'सरकारी पाहुणे' (१९४२) या चित्रपटांत दामूअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग यांनी ही जोडी उभी केली, आणि पुढे सत्तरच्या दशकात मुंबई दूरदर्शनवर दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांनी ती दुसऱ्या पिढीला दिली. या दोन जोड्यांचे चेहरे एकमेकांशी मुळीच जुळत नाहीत, तरी दोन्ही प्रेक्षकांनी स्वीकारल्या, कारण लिखित पात्राचा चेहरा वाचकाच्या मनात अस्पष्टच असतो. चित्रमालिकेतील पात्राचा चेहरा मात्र वाचकाने हजारो वेळा पाहिलेला असतो, आणि नटाचा पहिला मुकाबला त्याच्याशी होतो.

आर. के. लक्ष्मण यांनी हा मुकाबला टाळण्याचा मार्ग काढला, आणि तो मार्ग अजूनही पुरेसा अभ्यासला गेलेला नाही. चौकड्यांचा कोट आणि धोतर घातलेला त्यांचा सामान्य माणूस दैनिकाच्या पहिल्या पानावर कधी बोलला नाही. त्याचे मौन हाच त्याचा विनोद होता. १९८८ मध्ये दूरदर्शनवर 'वागले की दुनिया' ही मालिका कुंदन शहा यांच्या दिग्दर्शनाखाली आली, तेव्हा लक्ष्मण यांनी त्या मूक आकृतीला बोलते केले नाही, तर तिच्याच गोत्रातला एक बोलणारा कारकून, श्रीनिवास वागले, नव्याने निर्माण केला. अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर यांनी तो संसार उभा केला. मूळ चित्र जसेच्या तसे राहिले आणि त्याची दृष्टी मात्र दुसऱ्या देहात गेली. भारतीय रूपांतरांत इतका समजूतदार निर्णय दुसरा आढळत नाही.

याच्या नेमका उलट प्रयोग अमेरिकेत झाला. ई. सी. सेगर यांनी १९२९ मध्ये जन्माला घातलेल्या पॉपाय या खलाश्यावर रॉबर्ट ऑल्टमन यांनी १९८० मध्ये चित्रपट केला, तेव्हा माल्टा बेटावर अख्खे लाकडी गाव बांधले गेले, जे आजही पर्यटकांसाठी उभे आहे, आणि रॉबिन विल्यम्स यांच्या हातांवर चित्रातल्यासारखे फुगीर कृत्रिम बाहू चढवले गेले. पटकथा ज्यूल्स फायफर या नाणावलेल्या व्यंगचित्रकाराची होती. एवढे असूनही कागदावर जे बाहू हसू आणतात ते माणसाच्या अंगावर ओझे वाटतात, कारण रेषेत अतिशयोक्ती ही भाषा असते आणि देहावर ती व्यंग ठरते. 'चिंटू'च्या निर्मात्यांनी हा मोह टाळला, याचे श्रेय त्यांना दिले पाहिजे.

श्रीरंग गोडबोले यांची पार्श्वभूमी येथे निर्णायक ठरते. बर्लिनमध्ये फोल्कर लुडविग यांनी घडवलेली ग्रिप्स ही बालनाट्याची चळवळ ऐंशीच्या दशकात डॉ. मोहन आगाशे यांच्या पुढाकाराने पुण्यात आली, आणि गोडबोले तिच्या प्रमुख लेखक-दिग्दर्शकांपैकी एक होते. ग्रिप्सचा नियम असा की मुलांच्या भूमिका मोठे नट करतात. परी, राक्षस आणि जादू यांना तिथे जागा नसते, घरातले आणि रस्त्यावरचे प्रश्न मुलांच्या नजरेतून मांडले जातात. या रंगभूमीवर नटाने काही मोजक्या हालचालींतून मूल सुचवायचे असते, प्रेक्षकाने ते पूर्ण करायचे असते, आणि म्हणून तिचे नाते चौकटीच्या कलेशी फार जवळचे आहे. गोडबोले यांनी चित्रपटासाठी मात्र खरी मुले निवडली. शुभंकर अत्रे याने चिंटूची भूमिका केली, आई-बाबांच्या भूमिका विभावरी देशपांडे आणि सुबोध भावे यांनी केल्या, आणि नाटककार सतीश आळेकरही या चित्रपटात दिसले. कॅमेऱ्यापुढे पंचविशीतला नट मुलगा म्हणून उभा केला असता, तर ग्रिप्समधील संकेत उघडा पडला असता. त्यामुळे निवड योग्य होती.

खऱ्या मुलांसोबत एक अडचणही आली. १९९१ पासून चिंटू त्याच वयाचा राहिला. ज्यांनी तो पहिलीत असताना वाचला ते २०१२ मध्ये आपल्या मुलांना घेऊन चित्रपटगृहात जाण्याच्या वयाला आले. न वाढणे हा चित्रमालिकेचा अलिखित करार असतो, कारण तो मोडला की विनोदाची पुनरावृत्ती थांबते. खरा मुलगा पहिल्या आणि दुसऱ्या चित्रपटाच्या दरम्यान वाढतोच. कदाचित म्हणूनच दुसरा भाग वर्षभरात आणला गेला.

यापेक्षा मोठा प्रश्न कथानकाचा होता. चिंटूच्या चौकटीत खलनायक नसतो. तिथे विरोध असतो तो आईच्या नियमांचा, शाळेच्या अभ्यासाचा, जोशीकाकूंच्या तक्रारीचा, आणि तो विरोध शेवटच्या चौकटीत विरघळतो. दोन तासांचा चित्रपट अशा विरघळणाऱ्या विरोधावर उभा राहील की नाही, याची भीती निर्मात्यांना वाटणे स्वाभाविक होते. म्हणून पहिल्या चित्रपटात मुलांचे खेळण्याचे मैदान दांडगटांच्या हाती जाते आणि ते परत मिळवण्यासाठी सारी टोळी एकत्र येते. दुसऱ्यात सुट्टीतले शिबिर आणि खजिन्याचा शोध येतो. हॅंक केचम यांच्या 'डेनिस द मेनेस'बाबतही, जी मालिका मार्च १९५१ मध्ये सुरू झाली होती, १९९३ च्या चित्रपटात हेच घडले: वॉल्टर मॅथाऊ यांचे शेजारी विल्सन पुरेसे असताना क्रिस्तोफर लॉइड यांचा चोर गावात आणावा लागला. दोन्हीकडे परिणाम सारखा झाला. गुंड आला की खोडकर मूल आपोआप शूर होते, आणि शूर झालेले मूल खोडकर राहत नाही. चिंटूचा मूळ विनोद त्याच्या गैरसमजांत आहे; मैदानासाठी लढणाऱ्या चिंटूला गैरसमज करून घ्यायला वेळच उरत नाही. त्यातही मैदानाचा विषय निवडण्यामागील आच खरी आहे, शहरातील मुलांची जागा दरवर्षी आक्रसत असताना तो विषय घेणे हे ग्रिप्सच्या शिकवणीला धरूनच होते, हे नमूद केले पाहिजे.

गुंडाशिवाय हे साधता येते याचा पुरावा फ्रान्सने दिला. रने गोसिनी आणि चित्रकार झ्यां-झाक सांपे यांचा छोटा निकोला हा मुलगा १९५५ मध्ये एका बेल्जियन साप्ताहिकात चित्रमालिका म्हणूनच अवतरला होता, पुढे तो सचित्र कथांतून प्रसिद्ध झाला. लॉरां तिरार यांनी २००९ मध्ये त्याच्यावर चित्रपट केला, आणि त्याची सारी गती एका गैरसमजावर बेतली: आपल्याला भाऊ होणार आणि आई-बाबा आपल्याला टाकून देणार, असे निकोलाला वाटते, आणि त्या भीतीतून त्याच्या मित्रांचे सगळे उपद्व्याप जन्मतात. बालमनाची चूक हेच कथानक झाल्यामुळे प्रत्येक प्रसंग स्वतंत्र चौकटीसारखा हसवतो आणि तरीही पुढच्याला जोडलेला राहतो. याच गोसिनी यांच्या अॅस्टेरिक्सवर अलां शाबा यांनी २००२ मध्ये केलेल्या क्लिओपात्राच्या चित्रपटाची फ्रान्समध्ये १ कोटी ४० लाखांहून अधिक तिकिटे विकली गेली, परंतु ते उदाहरण चिंटूला लागू पडत नाही. तिथे पन्नासेक पानांची सलग चित्रकथा, म्हणजे तयार कथानक, हाताशी होते. रोजच्या मालिकेवर काम करणाऱ्याने अॅस्टेरिक्सकडे न पाहता निकोलाकडे पाहावे.

लातूरचा या चर्चेशी आणखी एक धागा आहे. बाभळगावच्या देशमुख घराण्यातील रितेश देशमुख यांच्या मुंबई फिल्म कंपनीने २०१७ मध्ये 'फास्टर फेणे' हा चित्रपट आणला; दिग्दर्शन आदित्य सरपोतदार यांचे, लेखन क्षितिज पटवर्धन यांचे. भा. रा. भागवतांचा फुरसुंगीचा बनेश फेणे चित्रमालिकेतला नव्हे, गोष्टींच्या पुस्तकांतला. पण तोही न वाढणारा, अंगकाठीवरून आणि 'ट्टॉक' या एका आवाजावरून ओळखला जाणारा मुलगा. या चित्रपटाने चिंटूच्या निर्मात्यांपेक्षा वेगळा निर्णय घेतला: अमेय वाघ यांच्या रूपाने फेणेला तरुण केले, दिलीप प्रभावळकर यांच्या रूपाने खुद्द भागवतांना पात्र म्हणून पडद्यावर आणले, आणि कथानक वैद्यकीय प्रवेशपरीक्षेतील गैरव्यवहारावर रचले. ज्या जिल्ह्यात शिकवणीवर्ग हाच मोठा उद्योग आहे आणि वैद्यकीय प्रवेशासाठी राज्यभरातून मुले येऊन राहतात, त्या लातूरच्या निर्मात्याने हा विषय घ्यावा यात औचित्य होते. तरीही घटनास्थळ पुणेच राहिले. त्यातला परीक्षेला बसलेला मुलगा लातूरच्या एखाद्या वसतिगृहात राहिला असता, तर चित्रपटाच्या वेगात काही उणे पडले नसते आणि सच्चेपणात पुष्कळ भर पडली असती.

मराठवाड्याच्या बोलीत विनोद रुजत नाही, ही समजूत तर केव्हाच मोडीत निघाली आहे. औरंगाबादच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारे प्रा. लक्ष्मण देशपांडे यांनी 'वऱ्हाड निघालंय लंडनला' या एकपात्री प्रयोगात ५२ पात्रे रंगमंचावर आणली, आणि त्यासाठी ना नेपथ्य बदलले ना वेशभूषा. मान किंचित कलली की म्हातारी आली, आवाज चढला की पाहुणा आला. उरलेला माणूस प्रेक्षकांनी पूर्ण केला. ही व्यंगचित्रकाराचीच रीत होय, फक्त पेन्सिलीच्या जागी देह होता. विशेष म्हणजे देशपांड्यांनी गावाचा पत्ता लपवला नाही. बोलीचा सूर पूर्ण वाजू दिला आणि तो प्रयोग मराठवाड्याबाहेर, परदेशातही, तितक्याच जोराने हसवत राहिला. कॅमेरा पत्ता देतोच, तर तो नेमका आणि भरघोस द्यावा. अर्धवट पुसलेला पत्ता कुणाचाच राहत नाही, हा धडा या प्रयोगातून मिळतो. 'एलिझाबेथ एकादशी'ने (२०१४) पंढरपूरचा पत्ता दिला, 'नाळ'ने (२०१८) विदर्भातल्या गावाचा दिला, आणि दोन्हींतली मुले त्यामुळेच राज्यभर आपली वाटली.

मुरुडचा पत्ता असलेला खोडकर मुलगा कसा असेल, हे कल्पिण्यासाठी फार दूर जावे लागत नाही. त्याचे मैदान सोयाबीन वाळत घातल्यामुळे काढणीच्या दिवसांत जाते, त्यासाठी गुंड लागत नाही. टँकरच्या रांगेत घागर ठेवून खेळायला पळणे, आणि नंबर गेल्यावर घरी काय सांगायचे याची जुळवाजुळव करणे, ही तिथे संपूर्ण चार चौकटींची गोष्ट आहे. ज्या लातूरला एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, तिथल्या मुलाला या चौकटी समजावून सांगाव्या लागणार नाहीत. 'काय करूलालास?' असे दारातून विचारणारी आजी आणि लातूरला शिकवणीला गेलेल्या ताईचे रोजचे फोन एवढ्या साहित्यावर एक मालिका वर्षानुवर्षे चालू शकेल, आणि तिच्यातून निघणाऱ्या चित्रपटाला निकोलाच्या चित्रपटासारखे आतूनच कथानक मिळेल.

मात्र चित्रपट आधी आणि मालिका मागून, असे होत नाही. चिंटू पडद्यावर पोहोचण्याआधी त्याला वर्तमानपत्रात वीस वर्षांहून अधिक काळ ठरलेली जागा मिळाली होती. त्या जागेवर दोन माणसांनी नेमाने काम केले, आणि वाचकांनी सकाळी पान उघडून ते पाहिले. मराठवाड्यात चित्र काढणारी मुले शाळाशाळांत आहेत, बोलीत लिहिणारे लेखक आहेत, उणीव आहे ती त्या रोजच्या चार चौकटींच्या जागेची. लातूर आणि नांदेडहून निघणाऱ्या दैनिकांनी ती जागा राखून ठेवावी, दिवाळी अंकांच्या संपादकांनी कथा-कवितांबरोबर स्थानिक चित्रकारांकडून मानधन देऊन चित्रमालिका मागवाव्यात, आणि वाचकांनी त्या मालिकांवर संपादकांना आवर्जून पत्रे लिहावीत.